विश्लेषण : वाटाण्याच्या अंकुराने फाळकेंना भांडवल कसे मिळवून दिले?

ताडोबा, पेंचच्या जंगलांवरील माहितीपटांत बी रुजताना किंवा कळी उमलताना काही सेकंदांत दिसते. हे तंत्र मराठी माणसाने शंभराहून अधिक वर्षांपूर्वी वापरले होते. धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांच्या कारकीर्दीची सुरुवात अशाच एका निसर्गपटाने झाली.

कॅमेऱ्यापर्यंतचा प्रवास कसा?

फाळकेंचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरचा. मुंबईचे जे. जे. कला विद्यालय आणि बडोद्याचे कलाभवन येथे ते शिकले. गोध्र्यात त्यांनी छायाचित्रांचा व्यवसाय थाटला. पण प्लेगने पत्नी आणि मूल हिरावले. पुढे त्यांनी पुरातत्त्व खात्यात नोकरी केली, छपाईच्या धंद्यात हात घातला. मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला आणि त्यांना सिनेमाचा ध्यास लागला. सतत चित्रपट पाहून आणि प्रयोग करून काही काळ त्यांची दृष्टीच गेली. उपचारांनी ती परतली. विमा पॉलिसी गहाण टाकून ते फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. तेथे त्यांनी चित्रपटनिर्मिती जवळून पाहिली, विल्यमसन कॅमेरा विकत घेतला आणि एप्रिलमध्ये ते परतले.

‘अंकुराची वाढ’ म्हणजे काय?

कॅमेरा आला, पण चित्रपटाला पैसा हवा होता. न पाहिलेल्या धंद्यात पैसे गुंतवणार कोण? फाळकेंनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभराहून अधिक काळ थोडेथोडे चित्रण केले. बी फुटून वेल होईपर्यंतची वाढ पडद्यावर जेमतेम मिनिटभरात दिसली.

हे कसे साधते?

मूकपटात सेकंदाला साधारण १६ चौकटी धरल्या, तर मिनिटभराला सुमारे ९६० लागतात. त्या ३० दिवसांत विभागल्या तर रोज ३२ चौकटी पुरतात. मात्र कॅमेरा जागचा हलता कामा नये आणि एकही दिवस चुकता कामा नये.

परिणाम काय झाला?

निवडक मंडळींना हा लघुपट दाखवल्यावर कर्ज मिळाले. पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने दिले. फिल्मला छिद्रे पाडणे, ती रसायनांत धुणे ही कामेही त्या शिकल्या. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला. ‘लंकादहन’, ‘कालिया मर्दन’ यांसोबत फाळके लघुपटही करत राहिले. तळेगावचा काच कारखाना, वेरूळची लेणी असे विषय त्यांनी टिपले.

अखेर कशी झाली?

बोलपट आले आणि फाळके मागे पडले. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा शेवटचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकमध्ये त्यांचे निधन झाले, तेव्हा चित्रपटसृष्टी त्यांना जवळजवळ विसरली होती. त्यांच्या नावाचा पुरस्कार सुरू झाला तो १९६९ मध्ये, मृत्यूनंतर २५ वर्षांनी.