गाण्यात आवाज दुसऱ्याचाच होता, तरी ‘बोनी एम’ म्हटलं की नाचणारा बॉबी फॅरेलच आठवतो

२०२१ मध्ये एका जुन्या गाण्याच्या रिमिक्सने सोशल मीडियावर धुमाकूळ घातला होता. गाणं होतं ‘रासपुटिन’. रिमिक्स ऐकून अनेकांनी यूट्यूबवर मूळ गाणं शोधलं आणि तिथे त्यांना एक माणूस दिसला. उघडी छाती, डोक्यावर केसांचं जंगल, हातपाय जणू रबराचे आणि तोंडातून येणारा एकदम खर्जातला आवाज.

यातला आवाज तेवढा त्याचा नव्हता. बाकी सगळं त्याचं होतं.

त्याचं नाव बॉबी फॅरेल. सत्तरच्या दशकातल्या बोनी एम या डिस्को ग्रुपचा डान्सर. आपल्याकडे ज्या घरात इंग्रजी गाण्यांच्या चार कॅसेट असायच्या, त्यातली एक बोनी एमची निघायचीच. ख्रिसमसला मुंबई-गोव्यात अजूनही त्यांची गाणी कानावर पडतात.

बॉबीचा जन्म ६ ऑक्टोबर १९४९ चा, अरुबाचा. अरुबा म्हणजे व्हेनेझुएलाच्या किनाऱ्याजवळचं छोटंसं कॅरिबियन बेट, तेव्हा डचांच्या ताब्यातलं. तिथल्या सॅन निकोलास या तेल रिफायनरीच्या गावात तो वाढला. १५ व्या वर्षी त्याने बेट सोडलं आणि जहाजावर खलाशी झाला. दोनेक वर्षांनी जहाज सुटलं. मग नॉर्वे, नेदरलँड्स करत गडी जर्मनीत पोचला आणि क्लबमध्ये डीजेचं काम करू लागला.

आता या गोष्टीतला दुसरा माणूस. फ्रँक फॅरियन. हा जर्मन, खरं नाव फ्रान्झ रॉयटर. शिकला होता स्वयंपाक, पण वेड गाण्याचं. १९७५ मध्ये त्याचं एक डान्सचं गाणं बाजारात आलं. त्यातला जाड आवाज त्याचा आणि बारीक आवाजही त्याचाच. रेकॉर्डवर मात्र त्याने स्वतःचं नाव न घालता ‘बोनी एम’ असं छापलं. ‘बोनी’ हे नाव उचललं होतं एका ऑस्ट्रेलियन डिटेक्टिव्ह मालिकेतून. थोडक्यात काय, तर असा कुठला ग्रुप अस्तित्वातच नव्हता.

पंचाईत अशी झाली की गाणं नेदरलँड्स आणि बेल्जियममध्ये चाललं. मग ग्रुपला स्टेजवर बोलावणी यायला लागली. जायचं कुणी?

फॅरियनने माणसं गोळा करायला घेतली. सुरुवातीला काही आली, काही गेली. १९७६ पर्यंत चौघं पक्के झाले. जमैकात जन्मलेल्या लिझ मिचेल आणि मार्सिया बॅरेट, माँटसेराट बेटावरची मेझी विल्यम्स आणि आपला बॉबी. स्टुडिओत गायचे लिझ, मार्सिया आणि खुद्द फॅरियन. मेझी आणि बॉबी टीव्हीवर फक्त ओठ हलवायचे.

हे ऐकून बॉबी म्हणजे नुसता शोभेचा बाहुला वाटेल. पण १९७६ मध्ये काय झालं ते बघा. ‘डॅडी कूल’ ही रेकॉर्ड उन्हाळ्यात आली आणि आधी फारशी हललीच नाही. सप्टेंबरमध्ये ‘म्युझिकलाडेन’ या जर्मन टीव्ही शोमध्ये चौघांनी ती सादर केली आणि त्यानंतर गाणं थेट जर्मनीत नंबर एकवर गेलं. गाणं तेच होतं, आवाज तेच होते. फरक इतकाच की आता लोकांनी ते पाहिलं होतं.

आणि पाहण्यासारखं होतं ते बॉबीमुळे. तिघी जणी बऱ्यापैकी ठरलेल्या स्टेप्स करायच्या. हा मात्र गिरक्या घ्यायचा, जमिनीवर लोळायचा, अंगात आल्यासारखा थरथरायचा. खर्जातल्या ओळी आल्या की असा चेहरा करायचा की आवाज याच्याच पोटातून निघतोय असं वाटावं. प्रत्यक्ष कार्यक्रमात तर त्या ओळी तो स्वतः गायचा. म्हणजे त्याला गाता येत नव्हतं असंही नाही. रेकॉर्डवर त्याचा आवाज नको होता, एवढंच.

१९७८ हे बोनी एमचं सर्वांत मोठं वर्ष. ‘रिव्हर्स ऑफ बॅबिलॉन’ ब्रिटनमध्ये पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं, एकट्या ब्रिटनमध्ये त्याच्या २० लाखांहून जास्त प्रती खपल्या. त्याच वर्षी ‘रासपुटिन’ आलं. झारच्या दरबारात वजन असलेल्या रशियन साधूवरचं हे गाणं, आणि स्टेजवर रासपुटिन व्हायचा बॉबी. डिसेंबरमध्ये त्यांना थेट सोव्हिएत युनियनचं आमंत्रण आलं. शीतयुद्धाच्या काळात मॉस्कोत १० कार्यक्रम झाले, रेड स्क्वेअरवर शूटिंग झालं. पण ‘रासपुटिन’ गायला परवानगी नव्हती. रशियात जाऊन रशियावरचंच गाणं गायचं नाही!

(जाता जाता, याच फॅरियनने ‘इरप्शन’ नावाच्या दुसऱ्या ग्रुपकडून ‘वन वे तिकीट’ करून घेतलं. तीच चाल १९८० मध्ये ‘प्यारा दुश्मन’ सिनेमात ‘हरी ओम हरी’ होऊन आली.)

आवाज बॉबीचा नाही ही गोष्ट फॅरियनने फार काळ लपवली नाही. रेकॉर्ड जोरात खपत असतानाच त्याने ते सांगून टाकलं. लोकांनी मनावर घेतलं नाही. पण पैशाचं गणित वेगळं असतं. रेकॉर्ड जेव्हा जेव्हा वाजते, तेव्हा रॉयल्टी मिळते ती लिहिणाऱ्याला, निर्मात्याला आणि करार असेल तर गाणाऱ्याला. नाचणाऱ्याला पैसे मिळतात ते नाचला त्या दिवसाचे. बॉबीचं सगळं करिअर या एका वाक्यात अडकलं होतं.

१९८१ मध्ये फॅरियनशी बिनसलं आणि बॉबीला ग्रुपमधून काढलं. त्याच्या जागी रेगी त्सिबो हा गाऊ शकणारा कलाकार आला, पण जुनी लाट परत आली नाही. दोनेक वर्षांनी बॉबीला परत बोलवावं लागलं. माझ्या मते, ग्रुपला त्याची किती गरज होती याचा यापेक्षा मोठा पुरावा नाही. तोवर डिस्कोचा जमाना संपला होता. १९८६ मध्ये ग्रुप फुटला.

फॅरियनने मात्र तीच युक्ती पुन्हा वापरली. मिली व्हॅनिली हे त्याचंच काम. पुढे नाचणारे दोघे, मागे गाणारे वेगळेच. यावेळी १९९० मध्ये ग्रॅमी मिळालं, भांडं फुटलं आणि त्याच वर्षी ग्रॅमी परत घेतलं गेलं. जगभर नाचक्की झाली ती त्या दोन पोरांची. त्यातला रॉब पिलाटस १९९८ मध्ये गेला.

बॉबी त्यानंतर आपलं वेगळं बोनी एम घेऊन फिरत राहिला. एका वेळी जुने सदस्य आपापलं बोनी एम चालवत होते आणि नाव कुणाचं यावरून वाद होत होते. बॉबी ॲम्स्टरडॅमला राहायचा आणि कार्यक्रम मिळेल तिथे जायचा. पन्नाशी, साठी उलटली तरी त्याच उड्या, त्याच गिरक्या. पूर्व युरोप आणि रशियात त्याला मागणी होती, कारण तिथल्या पिढीने पाहिलेला पहिला पाश्चात्य पॉपस्टार बहुधा तोच.

डिसेंबर २०१० मध्ये असाच एक कार्यक्रम सेंट पीटर्सबर्गला होता. छातीत दुखतंय, श्वास घ्यायला त्रास होतोय अशी त्याची तक्रार होती. तरी त्या संध्याकाळी तो स्टेजवर उभा राहिला. ३० डिसेंबरला सकाळी तो हॉटेलच्या खोलीत मृत सापडला. हृदय बंद पडलं होतं. वय ६१.

रासपुटिनचा खून याच शहरात झाला होता, आजच्या कॅलेंडरप्रमाणे ३० डिसेंबर १९१६ ला.

बॉबीला ॲम्स्टरडॅमच्या झोर्गव्हलिड दफनभूमीत पुरलं. फॅरियन २०२४ च्या जानेवारीत गेला. यूट्यूबवरच्या त्या व्हिडिओत दोघं अजून एकत्र आहेत, एकाचा आवाज आणि दुसऱ्याचं बाकी सगळं.