स्वतःच चित्र विणणारा माग

परीकथेत एक जादूचा माग असतो. रात्री त्याच्यावर नुसतं सूत लावून झोपायचं, सकाळी उठून पाहावं तर फुलं, पानं, मोर विणलेलं कापड तयार! कॉन्व्हेंटमध्ये असताना ही गोष्ट मी इंग्रजीतच वाचली, त्यामुळे 'माग' हा शब्दसुद्धा मला फार उशिरा कळला. पण असा माग खरोखर झाला, आणि तो करणारा जादूगार नव्हता, तर विणकराच्या घरातला एक कर्जबाजारी माणूस होता. जोसेफ मारी जॅकार्ड त्याचं नाव. तुमच्या कॉटवर सोलापुरी चादर असेल तर जरा उलटी करून बघा. तीच नक्षी मागच्या बाजूला, फक्त रंगांची अदलाबदल. ती नक्षी ज्या यंत्रातून निघते त्याला आजही जॅकार्डच म्हणतात.

मी हिवरखेडची. म्हणजे तेल्हारा तालुक्यातल्या. मोर्शीकडे दुसरं हिवरखेड आहे, ते नाही. आमच्याकडे पऱ्हाटी, वेचणी, सरकी, जिनिंग, गाठी इथपर्यंत लहान पोरालाही सगळं ठाऊक असतं. गाठ ट्रकवर चढली की पुढे तिचं काय होतं हे मात्र कोणी विचारत नाही. म्हणून या माणसाबद्दल वाचायला घेतलं.

जॅकार्डचा जन्म ७ जुलै १७५२ रोजी फ्रान्समधल्या लिऑं शहरात झाला. हे रेशमाचं शहर. वडील जरीकाम विणणारे, आई मागासाठी नक्षी वाचून देणारी. तेराव्या वर्षापर्यंत तो शाळेत गेलाच नाही. पुढे त्याच्या मेव्हण्याने, जो छपाईचं काम करायचा, त्याला लिहायला-वाचायला शिकवलं. (बॅकलॉगवाल्यांनी धीर सोडू नये!)

आता तेव्हाचा माग कसा चालायचा ते बघू. कापडात उभे धागे म्हणजे ताणा आणि आडवे म्हणजे बाणा. नक्षी काढायची तर बाण्याच्या प्रत्येक फेरीला ताण्यातले ठराविकच धागे उचलावे लागतात. विणकर धोटा फेकायचा, आणि ते धागे दोऱ्यांनी ओढून धरायला मागाशी दुसरा माणूस लागायचा. बहुतेक वेळा तो लहान पोरगाच असे. दिवसभर वजनदार दोऱ्यांचे जुडगे ओढायचे, आणि एक दोरी चुकली की नक्षी बिघडली. कपाशीच्या वेचणीत वाकून वाकून पाठ धरलेली पोरं मी पाहिली आहेत, त्यामुळे हे काम काय असेल ते मला जरा तरी समजतं.

१७७२ मध्ये वडील गेले. घर, माग, द्राक्षमळा सगळं जॅकार्डकडे आलं आणि काही वर्षांत गेलंही. १७७८ मध्ये लग्न झालं, मुलगा झाला, डोक्यावर कर्ज होतं. मग फ्रेंच राज्यक्रांती आली. १७९३ मध्ये तो लिऑंच्या बचावासाठी लढला, नंतर मुलाला घेऊन सैन्यात गेला. तो मुलगा लढाईत त्याच्या डोळ्यांदेखत मारला गेला. जॅकार्ड एकटाच परत आला. नाव होईल असं काहीही तोवर त्याच्या हातून झालेलं नव्हतं. वय पन्नाशीकडे झुकलेलं. आपण तिसऱ्या वर्षालाच प्लेसमेंट नाही म्हणून आयुष्य संपल्यासारखं बोलतो!

१८०१ मध्ये पॅरिसच्या प्रदर्शनात त्याच्या मागाला ब्राँझ पदक मिळालं. मग त्याला पॅरिसला बोलावणं आलं आणि तिथे त्याला व्होकांसन नावाच्या कारागिराचा जुना, पडून असलेला माग बघायला मिळाला. खरं सांगायचं तर भोकं पाडलेल्या कागदाची युक्ती जॅकार्डची नव्हे. बूशों आणि फाल्कों यांनी ती १७२५ ते १७२८ च्या सुमारासच वापरली होती, व्होकांसनने पुढे नेली होती. त्यातल्या एकाचाही माग रोजच्या कामात नीट रुळला नाही. जॅकार्डने हे तुकडे जोडून कारखान्यात चालेल असं यंत्र उभं केलं. काहीजण म्हणतील, मग त्याने नवीन काय केलं? माझ्या मते तेच सगळ्यात अवघड काम आहे. प्रोजेक्टला मॉडेल चालवून दाखवताना आपल्याला ते कळतंच.

यंत्राचं तत्त्व साधं आहे. बाण्याच्या एका फेरीला एक पुठ्ठ्याचं कार्ड. कार्डावर सुया टेकतात. भोक असेल तर सुई आरपार जाते, तिचा हूक जागेवर राहतो आणि वर जाणाऱ्या पट्टीत अडकून आपला धागा उचलतो. भोक नसेल तर सुई मागे ढकलली जाते, हूक सुटतो, धागा खालीच. भोक आहे किंवा नाही, बस्स. कॉम्प्युटरवाल्यांना वेगळं सांगायला नको! कार्डं एकमेकांना दोऱ्याने शिवून माळ केली की अख्खी नक्षी झाली, आणि माळ बदलली की त्याच मागावर दुसरी नक्षी.

१८०५ मध्ये नेपोलियनने लिऑंला येऊन माग पाहिला. यंत्र सर्वांसाठी खुलं झालं आणि जॅकार्डला वर्षाला ३००० फ्रँक पेन्शन ठरली. शिवाय सहा वर्षं प्रत्येक मागामागे ५० फ्रँक. १८१२ पर्यंत फ्रान्समध्ये असे सुमारे ११,००० माग झाले.

पण दोऱ्या ओढणारे हात रिकामे झाले त्याचं काय? पोटावर पाय येणार म्हणून विणकर खवळले. त्यांनी यंत्र मोडून जाळलं, जॅकार्डलाही जीव मुठीत धरून पळावं लागलं असं सांगतात. मला दोन्ही बाजू पटतात, म्हणजे पंचाईतच. त्या पोराची पाठ वाचली हे चांगलंच झालं, पण त्याच्या घरी त्या आठवड्याची मजुरी कुठून आली असेल? लिऑंच्या विणकरांनी १८३१ आणि १८३४ मध्ये उठाव केले ते मजुरीच्या दरासाठी आणि हक्कांसाठी. दुसरा उठाव एप्रिल १८३४ मध्ये सैन्याने चिरडला. त्याच वर्षी ७ ऑगस्टला शहराजवळच्या उलँ गावी जॅकार्ड वारला. १८४० मध्ये त्याच लिऑंमध्ये त्याचा पुतळा उभा राहिला.

मरणानंतर पाच वर्षांनी त्याच्याच मागावर त्याचं चित्र रेशमात विणलं गेलं. त्याला सुमारे २४,००० कार्डं लागली. एक प्रत लंडनला चार्ल्स बॅबेजने मिळवली, ज्याने आपल्या गणिती यंत्रासाठी हीच कार्डं घ्यायचं ठरवलं होतं. ते चित्र तो घरी येणाऱ्यांना दाखवायचा, आणि लोकांना ते छापलेलंच वाटायचं.