संगीत शिक्षक ते टीव्हीवरचा शेरीफ : अँडी ग्रिफिथ

आज ओळख करून घेऊ एका अशा कलाकाराची, जे आधी आपल्यासारखेच शाळेत शिकवत होते.

अँडी ग्रिफिथ यांचा जन्म १ जून १९२६ रोजी अमेरिकेतील नॉर्थ कॅरोलिना राज्यात, माउंट एअरी या छोट्या गावी झाला. वडील फर्निचरच्या कारखान्यात कामाला, घरची परिस्थिती बेताची. लहानपणी त्यांना ट्रॉम्बोन या पितळी वाद्याची ओढ लागली. वाद्य तर मिळालं, पण शिकवणार कोण? गावातल्या चर्चचे धर्मगुरू एड मिकी यांनी त्यांना वाजवायला आणि गायलाही शिकवलं.

पुढे धर्मगुरू व्हायचं म्हणून ते विद्यापीठात गेले, पण मन रमलं संगीतात. १९४९ मध्ये संगीताची पदवी घेऊन त्यांनी गोल्ड्सबरो येथील हायस्कूलमध्ये काही वर्षे संगीत शिकवलं. उन्हाळ्यात रोआनोक बेटावर 'द लॉस्ट कॉलनी' या खुल्या रंगमंचावरच्या नाटकात ते काम करत. १९५३ साली त्यांच्या एका विनोदी एकपात्री कथनाची रेकॉर्ड खूप गाजली. १९५५ मध्ये 'नो टाइम फॉर सार्जंट्स' या नाटकात त्यांना डॉन नॉट्स हे सहकलाकार भेटले.

३ ऑक्टोबर १९६० रोजी 'द अँडी ग्रिफिथ शो' ही मालिका सुरू झाली. मेबेरी हे काल्पनिक गाव, अँडी तिथले शेरीफ म्हणजे पोलीसप्रमुख आणि नॉट्स त्यांचे मदतनीस. हसवायचं काम खरं तर अँडींचं होतं. पण पहिल्या काही भागांतच त्यांच्या लक्षात आलं की नॉट्स आपल्यापेक्षा जास्त हसवतात. मालिकेला नाव स्वतःचं, तरी त्यांनी विनोद नॉट्सकडे सोपवला आणि आपण शांत, समंजस भूमिका घेतली. चांगला साथीदार गायकाला पुढे करतो ना, अगदी तसं! या भूमिकेसाठी नॉट्स यांना ५ एमी पुरस्कार मिळाले. अँडींना एमी कधीच मिळाला नाही. मालिका मात्र २४९ भाग चालली आणि १९६८ मध्ये थांबली तेव्हा लोकप्रियतेत पहिल्या क्रमांकावर होती.

१९८३ मध्ये गिलाँ-बारे या मज्जातंतूंच्या आजाराने त्यांच्या पायातलं बळ गेलं. तरी ते पुन्हा उभे राहिले आणि १९८६ ते १९९५ 'मॅटलॉक' मालिकेत वकील म्हणून घराघरात पोचले. १९९७ मध्ये ग्रॅमी पुरस्कार मिळाला तो गाण्यासाठी, त्यांच्या भक्तिगीतांच्या अल्बमला. ३ जुलै २०१२ रोजी रोआनोक बेटावरच त्यांचं निधन झालं.

स्नेहसंमेलनात आपण राजा झालेल्या मुलाचं कौतुक करतो. शेजारी उभं राहून त्याला सांभाळून घेणारं मूल आपल्याला दिसतं का? यंदा एक शाबासकी त्याच्यासाठीही राखून ठेवूया.