होन्या नव्हे, होनाजी!

मित्रांनो, सबमिशनच्या आदल्या रात्री होस्टेलवर सगळ्यात जास्त काय वाचलं जातं? टेक्स्टबुक तर नक्कीच नाही! वाचल्या जातात रहस्यकथा. कव्हर फाटलेलं, शेवटची चार पानं गायब, त्यामुळे खुनी कोण ते विचारायला तिसऱ्या मजल्यावर जायचं. आपल्या आजोबांच्या पिढीने बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार आणि काळा पहाड वाचले, आई-बाबांच्या पिढीने सुहास शिरवळकर. गुन्हेगारांवरच्या पुस्तकांची व्हरायटी तरी किती! एका टोकाला टाइमपास कादंबऱ्या, तर दुसऱ्या टोकाला साहेबांनी लिहिलेले जाडजूड अभ्यासग्रंथ. पुण्यात १८३२ साली उमाजी नाईकांना फाशी झाली आणि पुढच्याच वर्षी कॅप्टन मॅकिंटॉशचं रामोशांवरचं पुस्तक बाहेर आलं. हा मॅकिंटॉश कोण, तर उमाजींचा पाठलाग करणारा अधिकारी! १८३९ मध्ये मेडोज टेलरची ठगावरची कादंबरी आली आणि ती इंग्लंडमध्ये खूप गाजली. १९०८ मध्ये मुंबई इलाख्याच्या पोलिसांसाठी केनेडीने 'गुन्हेगार' जातींची माहिती देणारं पुस्तक लिहिलं.

या सगळ्या पुस्तकांत एक गोष्ट कॉमन आहे. लिहिणारा एक तर पकडणारा असतो, नाहीतर घरी खुर्चीत बसलेला असतो. ज्याच्यावर पुस्तक आहे, त्याच्या हातात पेन कधीच नसतं. म्हणून या लेखात मी अशा एका माणसाबद्दल लिहिणार आहे, ज्याला सरकारी पुस्तकाने दरोडेखोर म्हटलं आणि ज्याच्या माणसांनी त्याला क्रांतिकारक म्हटलं. तो कुठल्या परदेशातला नाही, आपल्याच पुणे जिल्ह्यातला आहे. जांभोरीचे होनाजी भागोजी केंगले.

आपल्यापैकी बरेच जण ट्रेकला जुन्नर-आंबेगावकडे जातात. शिवनेरी, चावंड, हडसर, जीवधन, नाणेघाट. दुसऱ्या बाजूला आहुपे आणि भीमाशंकर. पावसाळ्यात इथे इतकं धुकं असतं की पुढच्याची सॅक दिसत नाही. जांभोरी याच भागातलं, आंबेगाव तालुक्याच्या पश्चिमेकडचं डोंगरातलं गाव. तालुक्याला ज्या गावाचं नाव आहे ते जुनं आंबेगाव आज डिंभे धरणाच्या पाण्याखाली आहे आणि तालुक्याची कचेरी घोडेगावला आहे. या डोंगरांत महादेव कोळी समाज पिढ्यान् पिढ्या राहत आलेला आहे. भात, नाचणी, वरई आणि जंगलातला हिरडा यांवर त्यांचं पोट. गड राखायचे, घाटवाटांवर पहारा द्यायचा हे मराठेशाहीत त्यांचं मानाचं काम होतं. त्यांच्या प्रमुखांना नाईक म्हणत.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली. कंपनी सरकारला गडांची गरज नव्हती, उलट भीती होती. गडावरच्या शिबंदीला घरी पाठवलं गेलं आणि नाईकांचे हक्क आणि वेतनं कापली गेली. ज्यांचं कामच पहारा देणं होतं, ते एका दिवसात बेकार झाले. मग बंडं सुरू झाली. १८३९ मध्ये बंडकरी घोडेगावच्या सरकारी खजिन्यावर चालून गेले. १८४५ च्या सुमारास अकोल्याकडचे राघोजी भांगरे उठले. राघोजींना १८४८ मध्ये ठाण्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. होनाजी वाढले ते या गोष्टी ताज्या असलेल्या डोंगरात.

पण होनाजींचं बंड समजून घ्यायचं असेल तर तलवारीपेक्षा आधी व्याजाचं गणित समजून घ्यावं लागेल. घाबरू नका, एम-थ्री इतकं अवघड नाही! इंग्रजांनी शेतसारा रोख रकमेत आणि ठरलेल्या हप्त्यांत घ्यायला सुरुवात केली. डोंगरातल्या माणसाकडे भात असायचं, रोकड नसायची. म्हणून तो सावकाराकडे जायचा. त्यात १८५९ मध्ये मुदतीचा कायदा आला. त्यानुसार कर्जाचा दावा ठरावीक मुदतीत, साधारण तीन वर्षांत कोर्टात करायचा. कायद्याचा हेतू चांगला होता, जुनी कर्जं कायमची मानेवर राहू नयेत. झालं उलटंच! मुदत संपायच्या आत सावकार नवं खत लिहून घेऊ लागला आणि त्यात जुनं व्याज मुद्दल म्हणून धरू लागला. समजा, दहा रुपये घेतले, दरमहा शेकडा दोन रुपये व्याज. तीन वर्षांनी नवं खत सतरा रुपये वीस पैशांचं. सहा वर्षांनी साडेएकोणतीस रुपयांच्या वर. नऊ वर्षांनी जवळजवळ एक्कावन्न! मध्ये एक पैसाही नवा घेतलेला नाही, तरी कर्ज पाचपट. मुळात खतावर काय लिहिलंय हे वाचता येत नव्हतं, आणि वाचता न येणाऱ्याने खाली नुसती निशाणी करायची. पुढे सावकार कोर्टात जाणार, कर्जदार डोंगरातून तिथे पोहोचणारच नाही, एकतर्फी हुकूमनामा होणार आणि जमीन, बैल, भांडी सगळं जाणार. हे सगळं कायद्यानेच व्हायचं, म्हणजे कागदावर गुन्हा कुठेच नाही.

होनाजी जांभोरीतले वजनदार गृहस्थ होते. लोक त्यांचा शब्द ऐकायचे. १८७३ मध्ये त्यांनी माणसं जमवली आणि सावकारांवर छापे घालायला सुरुवात केली. ही टोळी शिस्तीची होती, असं खुद्द सरकारी लिखाणातच नोंदवलेलं आहे. हे छापे फक्त जुन्नर-आंबेगावपुरते राहिले नाहीत. पुणे जिल्ह्याचा पश्चिम भाग, तेव्हाचा अहमदनगर जिल्हा म्हणजे आजचा अहिल्यानगर, आणि घाटाखाली ठाणे जिल्हा, अशा तीन जिल्ह्यांत ते पसरले. नकाशा काढून बघा, मग यातली हुशारी कळेल. सह्याद्रीच्या कड्यावर हे तिन्ही जिल्हे जवळजवळ येतात. घाट उतरला की कलेक्टर बदलला, पोलीस बदलले, कचेरी बदलली! पोलिसांना एका जिल्ह्यातून दुसऱ्या जिल्ह्यात कागद पाठवायचा तर वेळ लागायचा. आणि होनाजींच्या माणसांना घाटवाटा तोंडपाठ, कारण त्यांच्याच वाडवडिलांनी त्या राखल्या होत्या.

होनाजींना यश मिळतंय असं दिसल्यावर इतर ठिकाणीही टोळ्या उभ्या राहिल्या. सावकार खेडी सोडून मोठ्या गावांत पळाले. टोळ्यांचा मुख्य रोख असायचा तो खतांवर आणि हिशेबाच्या वह्यांवर, कारण सावकाराचं खरं हत्यार तेच होतं. पण इथे एक गोष्ट लपवून चालणार नाही. या छाप्यांत सावकारांची नाकं कापली गेली. आपण मराठीत नाक कापणं म्हणजे अब्रू घालवणं असं सहज म्हणतो, पण इथे ते शब्दशः झालं. कोणाच्या तरी वडिलांना, कोणाच्या तरी नवऱ्याला ते तोंड घेऊन पुढे जन्मभर जगावं लागलं. सगळे सावकार सारखे नसणार, हेही उघड आहे. स्फूर्तिस्थान म्हणून एखाद्याचं चरित्र लिहिताना असा भाग गाळायची आपल्याकडे पद्धत आहे. मला ती पटत नाही. अन्याय खरा होता आणि क्रौर्यही खरं होतं. दोन्ही एकाच पानावर लिहायला हवं.

सरकारने मग जाहीरनामा काढला. होनाजींना पकडून देणाऱ्याला एक हजार रुपये आणि त्यांच्या साथीदारांसाठी दोनशेपासून सहाशे रुपयांपर्यंत बक्षीस! ज्या माणसांची शेतं दहा-वीस रुपयांच्या कर्जापायी गेली होती, त्यांच्यासमोर हजार रुपये ठेवले गेले. कर्नल स्कॉट आणि सिंक्लेअर नावाच्या सिव्हिलियनच्या हाताखाली १७५ हत्यारबंद पोलिसांची खास तुकडी डोंगरात आली. यातला सिंक्लेअर एरवी जुनी देवळं, लेणी, शिलालेख यांच्यावर अभ्यासू लेख लिहायचा. होनाजींचे बरेच साथीदार सापडले, पण होनाजी सापडेनात. आज ड्रोन आणि मोबाइल टॉवरच्या जमान्यात कल्पना करणं कठीण आहे, पण एवढं मोठं बक्षीस असूनही हा माणूस दीर्घ काळ मोकळा राहिला. कोणीतरी त्यांना भाकरी देत होतं, कोणीतरी निरोप पोहोचवत होतं आणि कोणीतरी तोंड बंद ठेवत होतं. डोंगर काही एकट्याला लपवत नाही, माणसंच माणसाला लपवतात.

अखेर जुलै १८७६ मध्ये मेजर डॅनियल या पोलीस अधिकाऱ्याने होनाजींना पकडलं. ऐन पावसाळ्यात, भातलावणीच्या दिवसांत. त्यानंतर ते आपल्या डोंगरात परतले नाहीत. डॅनियल हे नाव इतिहासाच्या पेपरला कामाला येईल असं आहे. बरोबर तीन वर्षांनी, जुलै १८७९ मध्ये, वासुदेव बळवंत फडके यांना पकडणारा अधिकारी हाच!

फडक्यांशी तुलना करून बघा. फडके पुण्यात सरकारी नोकरी करणारे, शिकलेले. त्यांनी आत्मचरित्र आणि रोजनिशी लिहिली. ती पोलिसांच्या हाती लागली, कोर्टात पुरावा म्हणून वापरली गेली, तरी ती उरली. १८८३ मध्ये फडके एडनच्या तुरुंगात वारले, पण त्यांनी बंड का केलं हे आपण त्यांच्याच शब्दांतून समजून घेऊ शकतो. होनाजींच्या हातचं असं काहीच आपल्यापर्यंत आलेलं नाही. त्यांच्याबद्दल जे छापलं गेलं, ते मुख्यतः १८८५ च्या पुणे जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये. म्हणजे पकडणाऱ्यांच्याच पुस्तकात! गंमत म्हणजे त्याच पुस्तकाने हेही मान्य केलंय की सावकार कोळ्यांना सर्रास फसवत, छळत आणि मधूनमधून त्यांना गुन्ह्याकडे ढकलत. कारण माहीत होतं, तरी नाव ठेवलं दरोडेखोर.

होनाजींच्या बंडाचा परिणाम मात्र डोंगराबाहेर गेला. १२ मे १८७५ रोजी भीमथडीतल्या सुपे गावात बाजारच्या दिवशी शेतकऱ्यांनी सावकारांवर हल्ला केला, आणि तिथून पुणे-अहमदनगर जिल्ह्यांत दख्खनचे दंगे पेटले. इथेही खतं हिसकावून जाळणं हाच मुख्य कार्यक्रम. सपाटीवरच्या त्या शेतकऱ्यांचं दुखणं त्यांचं स्वतःचं होतं, पण डोंगरात काय चाललंय हे त्यांनी ऐकलं होतं. सरकारने चौकशी कमिशन नेमलं आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा केला. त्यानुसार कोर्टाला खताच्या मागे जाऊन कर्जाचा मूळ इतिहास तपासता येऊ लागला, खतं सरकारी नोंदणीदारासमोर करावी लागू लागली आणि कर्जासाठी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं थांबलं. म्हणजे खतातच खोट आहे, हे शेवटी कायद्यालाही मान्य करावं लागलं. तोवर होनाजींना पकडून तीन वर्षं झाली होती.

आता नावाबद्दल. इंग्रजी पुस्तकात त्यांचं नाव आहे 'होन्या भागोजी केंगल्या'. नीट वाचा. वडिलांच्या नावातला 'जी' शाबूत आहे आणि मुलाच्या नावातला गेला! आपण होस्टेलवर रूममेटला सम्या, पक्या म्हणतो तेव्हा त्यात प्रेम असतं. पण वॉरंटवर आणि जाहीरनाम्यावर नाव असं लिहिलं की तो माणूस आपोआप खालचा होतो. जो 'होन्या' आहे तो चोरच असणार, असं वाचणाऱ्याला वाटून जातं. एका 'या'मध्ये एवढी ताकद असते. आज आदिवासी भागात त्यांचं नाव आद्य क्रांतिकारक होनाजी केंगले म्हणून घेतलं जातं. गॅझेटियरने काढलेला 'जी' लोकांनी परत लावला.

पुस्तकांचीही बाजू हळूहळू बदलली. जुन्नर तालुक्यातल्या निमगिरीचे डॉ. गोविंद गारे शिकून आदिवासी जीवनाचे मोठे अभ्यासक झाले आणि त्यांनी स्वतःच्याच महादेव कोळी समाजावर मराठीत ग्रंथ लिहिला. मॅकिंटॉशनेही १८३० च्या दशकात याच समाजावर लिहिलं होतं. पण त्याला हे लोक बंदोबस्तासाठी समजून घ्यायचे होते. गारे सरांना आपल्या घरच्यांची गोष्ट सांगायची होती. विषय तोच, फक्त पेन धरणारा हात बदलला.

आमच्या कॉन्व्हेंटमध्ये रॉबिन हूडवर धडा होता, शेरवूडचं जंगल कुठे आहे हेही पाठ होतं. जांभोरी मात्र आमच्या नकाशात नव्हतं. रॉबिन हूड खरा होता की नाही यावर अजून वाद आहेत, होनाजी तर खरेच होते!

तेव्हा मित्रांनो, रहस्यकथा जरूर वाचा, मीही वाचणारच आहे. फक्त शेवटच्या पानावर गुन्हेगार सापडला की पुस्तक मिटण्याआधी एक प्रश्न विचारत जा. खुनी कोण, हा नाही. हे पुस्तक लिहिलं कोणी, हा! आणि पुढच्या पावसाळ्यात आहुप्याला किंवा भीमाशंकरला जाल तेव्हा वाटेत एखादे आजोबा भेटले तर त्यांना होनाजींबद्दल विचारा. 'जी' लावूनच विचारा.