चांद्याची राणी हिराई

सकाळच्या लेक्चरला निघालात आणि जटपुरा गेटच्या ट्रॅफिकमध्ये अडकलात, तर मोबाईल खिशात टाका आणि जरा वर बघा. दगडात एक प्राणी कोरलेला दिसेल. अंग सिंहाचं आणि पंजाखाली हत्ती. चांद्याच्या गोंड राजांचं हे राजचिन्ह. आपण रोज त्याच्या खालून ये-जा करतो, पण ज्यांचं ते चिन्ह होतं त्या घराण्यातली किती नावं आपल्याला सांगता येतील? आज त्यातल्या एकाच माणसाबद्दल बोलू. ती राजा नव्हती. राणी होती, आणि चंद्रपूरची सगळ्यात देखणी इमारत तिने उभी केली. तिचं नाव हिराई.

हिराई सासरी आली तेव्हा चांदा हे काही आडबाजूचं जंगली संस्थान नव्हतं. तिच्या शंभरेक वर्षं आधी, अकबराच्या काळात लिहिलेल्या ऐने-अकबरीत चांद्याच्या बाबाजी बल्लाळशहाकडे एक हजार घोडदळ आणि चाळीस हजार पायदळ असल्याची नोंद आहे. आज गडचिरोली जिल्ह्यात असलेल्या वैरागडच्या हिऱ्यांच्या खाणीचाही त्यात उल्लेख आहे. हिरे, हत्ती आणि जंगल असलेल्या राज्यावर दिल्लीची नजर जाणारच. १६६७ मध्ये औरंगजेबाचा सरदार दिलेरखान फौज घेऊन आला आणि चांद्याकडून जबर खंडणी घेऊन गेला. शेजारच्या देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद औरंगजेबाच्या दरबारात गेला, त्याने इस्लाम स्वीकारला आणि परत येऊन नागपूर वसवलं. म्हणजे दिल्ली लांब असली तरी तिथल्या चालीरीती, पोशाख, इमारतींची तऱ्हा हे सगळं गोंडवनात पोचत होतं.

अशा काळात हिराईचा नवरा बीरशहा चांद्याच्या गादीवर होता. मोठा शूर राजा. त्याच्या मुलीची कथा चंद्रपुरात आजही सांगतात. ती देवगडच्या दुर्गशहाला दिली होती. त्याने तिचा अपमान केला, बीरशहा महाकालीला नवस बोलून देवगडवर चालून गेला, आणि जावयाचं मुंडकं आणून त्याने देवीला वाहिलं. कथा म्हणून ऐका, पण त्या काळच्या राजघराण्यांत अब्रूची किंमत काय होती ते तिच्यातून कळतं.

बीरशहाला गादीसाठी मुलगा नव्हता. त्याने दुसरं लग्न करायचं ठरवलं. हिराईच्या मनात तेव्हा काय चाललं असेल, याचा अंदाज आपण करू शकतो. लग्नाची वरात निघाली आणि भर वरातीत राजाचा खून झाला. मारणारा बाहेरचा शत्रू नव्हता, राजाच्या पदरचा हिरामण नावाचा राजपूत होता. त्याच्याकडे जादूची तलवार असल्याची चर्चा होती. ती दाखव म्हणून राजा त्याच्या मागे लागायचा, आणि त्या दिवशी सगळ्यांदेखत पुन्हा मागे लागल्यावर त्याचं डोकं फिरलं, असं सांगतात. हे घडलं १७०४ च्या सुमारास.

आता हिराईच्या जागी स्वतःला ठेवून बघा. नवरा गेलाय, तोही दुसऱ्या लग्नाच्या दिवशी. गादीला वारस नाही. दरबारात हक्क सांगणारे असणारच. उत्तरेला देवगडचं जुनं वैर, आणि मोगलांची खंडणी डोक्यावर. हिराईने चांदनखेड्याच्या भाऊबंदांकडचा रामशहा हा लहान मुलगा दत्तक घेतला, त्याला गादीवर बसवलं आणि तो मोठा होईपर्यंत कारभार स्वतः पाहिला. पंधराएक वर्षं चांद्याची सूत्रं तिच्या हातात होती.

याच वर्षांत तिने बांधकामं काढली. महाकालीचं मंदिर मोठं करून बांधलं. आणि झरपट नदीजवळ, अचलेश्वर मंदिराच्या शेजारी, राजघराण्याच्या समाध्यांच्या आवारात बीरशहाची समाधी उभी केली.

ही समाधी नीट बघितली तर जरा गोंधळायला होतं. राजा गोंड. शेजारी शंकराचं मंदिर. आणि इमारतीला कमानी आणि वर घुमट, म्हणजे थेट मोगली वळण. कुणाला वाटेल की ही सरळ नक्कल आहे. चंद्रपूरकर कौतुकाने तिला इथला ताजमहाल म्हणतात आणि पुढे अभिमानाने सांगतात की तिकडे नवऱ्याने बायकोसाठी बांधला, इकडे बायकोने नवऱ्यासाठी. बोलायला छान आहे. पण खुद्द दिल्लीतही हुमायूनचा मकबरा त्याच्या विधवा राणीच्या, बेगा बेगमच्या पुढाकारानेच झाला होता, आणि तोही ताजमहालाच्या बराच आधी. पतीच्या मागे उरलेल्या राणीने दगडात बोलायची ही रीत हिराईच्या आधीपासून चालत आलेली होती.

मग हिराईने काय केलं? त्या काळी घुमट ही सत्तेची भाषा होती. हिंदुस्थानात कुठेही घुमट दिसला की इथे कुणीतरी मोठा माणूस निजलाय, हे परक्यालाही कळायचं. दत्तक मुलाला पुढे करून राज्य चालवणाऱ्या विधवेला नेमकं हेच सांगायचं असणार, की हे घराणं संपलेलं नाही. म्हणून तिने सगळ्यांना समजेल अशी भाषा घेतली. दुसऱ्या लग्नाला निघालेल्या नवऱ्यासाठी एवढी मोठी इमारत बांधण्यात प्रेम किती आणि राजकारण किती, हे तुमचं तुम्ही ठरवा. मला तर दोन्ही दिसतं.

भाषा नवी असली तरी सांगायची गोष्ट फार जुनी होती. भामरागड-एटापल्लीकडे गेलात तर माडिया गावांच्या वाटेवर उभे दगड दिसतात. गेलेल्या माणसाच्या आठवणीचे ते दगड. चिमूर तालुक्यात हिरापूरला तर इतिहासपूर्व काळातली शिळास्मारकं आहेत, भल्यामोठ्या दगडी फरशा उभ्या करून केलेली. मेलेल्या माणसासाठी दगड उभा करायचा, ही या जंगलातली हजारो वर्षांची सवय आहे. हिराईने तोच दगड घुमटाच्या आकारात उभा केला, एवढंच. शेजारच्या बस्तरमध्ये आता सिमेंटची स्मृतिचिन्हं होतात, त्यांवर ऑइलपेंटने चित्रं काढतात. काही लोक म्हणतात, परंपरा बिघडली. हिराईच्या काळीही कुणीतरी असं म्हणालं असेलच.

जटपुरा गेटवरच्या त्या सिंहाचंही तसंच. सिंहासारखा शार्दूल आणि त्याच्या तावडीतला हत्ती हे भारतीय मंदिरशिल्पातलं फार जुनं रूप. राजवटी बदलल्या तसं ते मंदिराच्या भिंतीवरून वेशीवर आलं आणि गोंडांची निशाणी झालं. कला अशीच टिकते. जुन्या हातातून नव्या हातात जाते आणि जाताना थोडी बदलते. बदलायचं नाहीच म्हटलं तर ती काचेच्या कपाटात जाते.

हिराईने वाढवलेला रामशहा पुढे १७३५ पर्यंत राजा होता. शांत, प्रजेवर माया करणारा राजा म्हणून लोक त्याचं नाव काढतात. त्याच्यानंतर मात्र घडी विस्कटली. नीलकंठशहाच्या काळात, १७५१ मध्ये, रघूजी भोसल्यांनी चांदा घेतलं आणि गोंडांचं राज्य संपलं. राज्य गेलं, हिराईची बांधकामं राहिली. महाकालीच्या चैत्रातल्या यात्रेला मराठवाडा आणि तेलंगणातून माणसं आजही लोटतात. त्यातल्या कितीजणांना हिराईचं नाव माहीत असेल?

समाधी आज पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे. शहराच्या परकोटावर मात्र झाडं माजली होती, कचरा साचला होता. २०१७ मध्ये इको-प्रो संस्थेच्या तरुणांनी रोज सकाळी श्रमदान करून तो साफ करायला घेतला. त्यांत तुमच्याच वयाची मुलं होती. त्यांनी इतिहासाचं पुस्तक उघडलं नाही, फावडं उचललं.

तर या रविवारी अचलेश्वराकडे चक्कर मारा. सेल्फी काढा, रील करा, काही हरकत नाही. फक्त खाली कॅप्शन लिहाल तेव्हा ताजमहालाचं नाव टाळा. हिराईचं लिहा.