दुधाचा ठेका आणि न्यायमूर्ती हिदायतुल्ला

झरी जामणी : यवतमाळ जिल्ह्याच्या या तालुक्यात मुकुटबन परिसराच्या पोटात कोळसा आहे. येथील मार्की-मांगलीसह देशभरातील २१४ कोळसा पट्ट्यांचे वाटप सर्वोच्च न्यायालयाने २४ सप्टेंबर २०१४ रोजी रद्द केले. सार्वजनिक संपत्ती शासनाने कोणाला आणि कोणत्या निकषावर द्यावी, हा त्यामागील प्रश्न. त्याच्याशी जवळचे नाते असलेला एक वाद साडेपाच दशके आधी एका साध्या दुधाच्या ठेक्यातून न्यायालयापुढे आला होता. त्याचा निकाल लिहिणारे न्यायमूर्ती होते विदर्भात घडलेले महंमद हिदायतुल्ला.

१७ डिसेंबर १९०५ रोजी लखनौला जन्मलेल्या हिदायतुल्लांचे शालेय शिक्षण रायपूरला आणि महाविद्यालयीन शिक्षण नागपूरच्या मॉरिस कॉलेजात झाले. केंब्रिजला शिकून व बॅरिस्टर होऊन १९३० मध्ये त्यांनी नागपुरात वकिली सुरू केली. १९४३ मध्ये ते मध्य प्रांत व वऱ्हाडचे महाधिवक्ता झाले, १९४६ मध्ये न्यायमूर्ती आणि १९५४ मध्ये नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश. यवतमाळचा मुलूखही त्या काळी याच न्यायालयाच्या कक्षेत होता.

डिसेंबर १९५८ मध्ये ते सर्वोच्च न्यायालयात गेले. तेथील त्यांच्या आरंभीच्या निकालांपैकी एक केरळमधील अच्युतन यांच्या प्रकरणाचा. कन्नूरच्या सरकारी रुग्णालयाला दूध पुरविण्याची अच्युतन यांची निविदा मंजूर झाली होती. परंतु सहकारी दूध संघाला प्राधान्य देण्याच्या धोरणामुळे त्यांचा ठेका रद्द झाला. घटनेतील समानतेचा भंग झाल्याची त्यांची तक्रार हिदायतुल्लांनी अमान्य केली. करार कोणाशी करावा हे ठरविण्याची मुभा खासगी व्यक्तीप्रमाणे शासनालाही आहे, असा त्या निकालाचा आशय होता.

या मुभेला मर्यादा नाही काय? उत्तर मिळण्यास वीस वर्षे लागली. मुंबईच्या सांताक्रूझ विमानतळावरील उपाहारगृहाच्या निविदेत अनुभवाची अट घातलेली असताना ती पूर्ण न करणाऱ्यालाच ठेका दिला गेला. रमणा शेट्टी यांच्या अर्जावर ४ मे १९७९ रोजी न्या. भगवती यांनी निर्णय दिला. स्वतः जाहीर केलेले निकष शासकीय यंत्रणेला मनमानीने मोडता येणार नाहीत, हे त्यातून प्रस्थापित झाले. हिदायतुल्लांचा निकाल मोडीत न काढता, शासनाची मुभा अमर्याद नाही असा त्याचा अर्थ लावला गेला. अर्जदाराला मात्र विलंब व अन्य कारणांस्तव दाद मिळाली नाही.

हिदायतुल्ला तोवर निवृत्त झाले होते. १९६८ ते १९७० या काळात ते सरन्यायाधीश होते. १९६९ मध्ये त्यांनी हंगामी राष्ट्रपतिपदही सांभाळले. विमानतळाच्या निकालानंतर अवघ्या चार महिन्यांत ते उपराष्ट्रपती झाले. ही तिन्ही पदे भूषविणारे ते एकमेव भारतीय. १८ सप्टेंबर १९९२ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

त्यानंतर दोनच वर्षांनी, १९९४ मध्ये, टाटा सेल्युलर प्रकरणात या कायद्याची घडी बसली. ठेका कोणाला द्यावा हे न्यायालय ठरवत नाही. तो देण्याची प्रक्रिया न्याय्य होती काय, एवढेच तपासते. निवडीचे स्वातंत्र्य शासनाकडे ठेवण्याचा हिदायतुल्लांचा विचार त्यात टिकून आहे. त्या स्वातंत्र्याला मनमानीपासून रोखणारे कुंपण तेवढे नंतरच्यांनी घातले.