ना. म. जोशी आणि आमच्या दादाचा गेटपास

डिफॉल्टर लिस्टमध्ये नाव लागलं की आपण काय करतो? एचओडींच्या केबिनबाहेर उभे राहतो, मेडिकल सर्टिफिकेट दाखवतो, अगदीच झालं तर वडिलांना घेऊन येतो. म्हणजे निदान आपलं म्हणणं कुणीतरी ऐकून घेतं!

आपट्याला आमच्या शेजारी राहणाऱ्या दादाला तेवढंही मिळालं नाही. तो एका कारखान्यात सहा वर्षं ठेकेदाराकडे फिटर होता. एका सकाळी गेटवर त्याचा पास काढून घेतला. उद्यापासून येऊ नकोस, एवढंच. पत्र नाही, कारण नाही. कंपनीने ठेकेदाराकडे बोट दाखवलं, ठेकेदाराने कंपनीकडे. गावात कुजबुज सुरू झाली, काहीतरी चोरलं असेल. आणि ते खोटं आहे हे दाखवायला दादाकडे एक कागद नव्हता.

पुढे इंडस्ट्रियल मॅनेजमेंटच्या पेपरसाठी लायब्ररीत पुस्तकं चाळताना मला ना. म. जोशी भेटले. आपल्याच रायगड जिल्ह्यातला माणूस! आपट्याहून कोकणात जाणारी गाडी रोहा, माणगाव ओलांडून गेली की गोरेगाव रोड स्टेशन लागतं. त्या गोरेगावात ५ जून १८७९ रोजी नारायण मल्हार जोशींचा जन्म झाला. पुण्यात शिकले, काही वर्षं शिक्षकी केली. १९०९ मध्ये गोखल्यांच्या भारत सेवक समाजात गेले आणि १९११ मध्ये मुंबईत सोशल सर्व्हिस लीग काढली. गिरणगावातल्या कामगारांसाठी वर्ग, वाचनालयं चालवली.

तिथे त्यांनी जॉबरचं राज्य पाहिलं. कामावर कोणाला घ्यायचं, कोणाला हाकलायचं, सगळं जॉबरच्या मर्जीवर. दस्तुरी दिली तर काम, नाहीतर घर. आजचा ठेकेदार आठवला ना?

१९२० मध्ये आयटक स्थापन झाली, त्यात जोशी आघाडीवर होते. मद्रासच्या एका गिरणीच्या संपात युनियनच्या पुढाऱ्यांनाच कोर्टात खेचलं गेलं, तेव्हा १९२१ मध्ये जोशींनी मध्यवर्ती कायदेमंडळात युनियनला संरक्षण देणाऱ्या कायद्याचा ठराव आणला. कायदा झाला १९२६ मध्ये. पाच वर्षं चिकाटी!

१९२८ च्या मुंबईच्या मोठ्या संपात गिरण्यांच्या नोकरीच्या नियमांवरही वाद झाला आणि ते नियम फॉसेट समितीपुढे गेले. त्यानंतर व्हिटली आयोगावर जोशी सभासद होते. आयोगाच्या १९३१ च्या अहवालात मला हवं ते सापडलं. जॉबरकडून माणसं घेण्या-काढण्याचा अधिकार काढून घ्यावा, गिरणीत लेबर ऑफिसर नेमावा, त्याच्या संमतीशिवाय कोणाला काढू नये. मॅनेजरने स्वतः काढायचं ठरवलं तरी आधी लेबर ऑफिसरचं म्हणणं ऐकावं. म्हणजे काढूच नका असं नाही; काढायचं तर रीतीने काढा.

१९४६ मध्ये डॉ. आंबेडकर मजूर खात्याचे सदस्य असताना स्थायी आदेशांचा कायदा आला. गैरवर्तन म्हणजे काय ते लिहून ठेवा, आरोप लेखी द्या, उत्तराची संधी द्या, ही रीत त्यातून रुळली. तो कायदा शंभर कामगारांच्या कारखान्यांना लागू होता. नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या नव्या संहितेत ही मर्यादा तीनशे आहे. म्हणजे छोट्या ठिकाणी पुन्हा सगळं साहेबाच्या शहाणपणावर!

जोशी ३० मे १९५५ रोजी गेले. मुंबईतला डिलाइल रोड आज त्यांच्या नावाने आहे. आपण तिथून जातो, पण ना. म. जोशी कोण, हे कितीजणांना ठाऊक असतं?

दादाला आता दुसरीकडे काम मिळालंय. पण प्रत्येक इंटरव्ह्यूत त्याला विचारायचे, आधीची नोकरी का सुटली? आणि त्याला खरंच माहीत नव्हतं.

उद्या आपल्यातलेच काहीजण शॉप फ्लोअरवर इंजिनिअर होतील. ठेकेदाराच्या माणसांची यादी सहीसाठी टेबलावर येईल. सही करण्याआधी एवढंच विचारा : या माणसाला कारण लिहून दिलंय का? त्याचं उत्तर कोणी ऐकलंय का? आणि ऐकणारा तक्रार करणाराच तर नाही ना?